चुकार लाटेची गोष्ट

'इंटरस्टेलर' आमच्या हॉस्टेलवर आजवर किती वेळा लागला असेल, याचा हिशेब रेक्टरबाईंकडेसुद्धा नसेल. त्यातला तो पाण्याचा ग्रह आठवतो ना? गुडघाभर पाणी, सगळीकडे सपाट, आणि लांब क्षितिजावर डोंगरांची रांग. मग हळूहळू लक्षात येतं की तो डोंगर नाहीच, ती लाट आहे. आणि ती इकडेच येतेय! प्रत्येक वेळी कॉमन रूममध्ये त्या क्षणी चिवड्याची पिशवीसुद्धा वाजत नाही.

तो समुद्र अर्थातच खोटा. पण मित्रांनो, आपल्याच पृथ्वीवर, आपल्याच समुद्रात, आजूबाजूच्या लाटांच्या दुप्पट-अडीचपट उंचीची एकच लाट कुठूनशी उभी राहते, समोर जे असेल त्याच्यावर कोसळते आणि काही सेकंदांत पुन्हा पाण्यात पाणी होऊन जाते, ही गोष्ट खलाशी शेकडो वर्षं सांगत आले. आणि शिकलीसवरलेली माणसं तितकीच वर्षं म्हणत आली की खलाशांनी जरा जास्तच घेतलेली असणार. शेवटी खरं कोणाचं निघालं, आणि त्याची किंमत कोणी मोजली, हे सांगण्यासाठी हा लेखप्रपंच.

आधी नावाचं बघू. इंग्रजीत हिला 'रोग वेव्ह' म्हणतात. मराठीत असं लिहिलं की साथीचा रोग वाटतो. माझ्या रूममेटने कागदावर नुसतं नाव वाचलं आणि "अगं, डेंग्यूवर लिहितेयस का?" असं विचारलं! कळपातून फुटून एकटा पिसाळत फिरणारा हत्ती असतो ना, त्याला इंग्रजीत 'रोग एलिफंट' म्हणतात. लाटेचं नाव त्याच शब्दावरून आलं आहे. आपल्याकडे कळपातून फुटलेल्या ढोराला चुकार म्हणतात, म्हणून मी हिला 'चुकार लाट' म्हणणार आहे. (दहावीपर्यंत कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे भरती कुठली आणि ओहोटी कुठली हे मी अजूनही मनात भाषांतर करून लिहिते. तेव्हा सांभाळून घ्या.)

आणि हो, ही त्सुनामी नव्हे. २००४ नंतर मोठी लाट म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर तीच येते. पण दोघींचं नातं फक्त आडनावापुरतं. त्सुनामी समुद्राचा तळ हलल्यामुळे निघते. भर समुद्रात तिची उंची जेमतेम मीटरभर असते, जहाजाखालून ती निघून गेली तरी कळत नाही, किनाऱ्याशी आल्यावर तिचा डोंगर होतो. चुकार लाट बरोबर उलटी. ती वाऱ्याने उठवलेली साधी लाटच, पण खोल समुद्रात अचानक मोठी होते आणि तिथेच संपते. तिला किनाऱ्याशी काही देणंघेणं नाही. तिच्या वाटेला जातात ती जहाजंच.

फ्रेंच दर्यावर्दी द्युमाँ द्युर्व्हिल १८२६ साली हिंदी महासागरातून जात होता. तेहेतीस मीटर उंच लाटा पाहिल्याचं त्याने परत आल्यावर सांगितलं. बरोबर तीन साक्षीदारही होते. तरीसुद्धा पॅरिसमधला मोठा शास्त्रज्ञ फ्रांस्वा अरागो याने त्याची यथेच्छ टिंगल केली. तेहेतीस मीटर म्हणजे साधारण अकरा मजले. अरागोचं म्हणणं वरवर पाहिलं तर चूक वाटत नाही. हलत्या डेकवरून, जीव मुठीत धरून, तिरक्या नजरेने मोजलेल्या उंचीवर विश्वास ठेवायचा तरी किती?

पण १९३३ च्या फेब्रुवारीत एकाने ती चक्क मोजली. अमेरिकन नौदलाचं 'रामापो' नावाचं तेलवाहू जहाज वादळात पॅसिफिक ओलांडत होतं. मागून लाटा येत होत्या आणि जहाजाची मागची बाजू लाटेच्या खळग्यात बसलेली होती. ब्रिजवरच्या अधिकाऱ्याला दिसलं की त्याची नजर, डोलकाठीवरचा टेहळणीचा पाळणा आणि लाटेचा माथा हे एका सरळ रेषेत आलेत. जहाजाची मापं माहीत होती. मग काय, दहावीच्या भूमितीतले समरूप त्रिकोण! उत्तर आलं ३४ मीटर. मला हा माणूस फार आवडतो. आपण घाबरून देवाचं नाव घेतलं असतं, याने रीडिंग घेतलं. तरी त्याचं रीडिंग पुस्तकांत 'एक चमत्कारिक नोंद' म्हणूनच राहिलं.

कारण पुस्तकांकडे सूत्र होतं, आणि सूत्र भलतं सुंदर होतं.

समुद्राकडे पाहिलं तर लाटांचा नुसता गोंधळ दिसतो. त्या गोंधळाला एक आकडा द्यायची युक्ती अशी : सगळ्या लाटांमधल्या उंच एक-तृतीयांश लाटा घ्या आणि त्यांची सरासरी काढा. याला 'सिग्निफिकंट वेव्ह हाइट' म्हणतात. हवामानखातं जेव्हा "लाटांची उंची चार मीटर" असं सांगतं, तेव्हा ते बहुधा हेच सांगत असतं. आता समुद्र म्हणजे वेगवेगळ्या लांबीच्या, वेगवेगळ्या दिशांच्या असंख्य साध्या साइन लाटांची बेरीज आहे, आणि त्या एकमेकींना ओळखत नाहीत, असं धरा. मग लाटांच्या उंचीला रॅले डिस्ट्रिब्यूशन लागू पडतं. १९५२ मध्ये लाँगे-हिगिन्स या इंग्रज गणितज्ञाने ते समुद्रासाठी मांडलं. त्यानुसार एखादी लाट त्या आकड्याच्या दुप्पट निघण्याची शक्यता ई-रेज्ड-टू मायनस आठ, म्हणजे साधारण तीन हजारांत एक. दुप्पट किंवा त्याहून उंच लाट म्हणजेच चुकार लाट, अशी आजची ढोबळ व्याख्या.

तुम्ही म्हणाल, तीन हजारांत एक म्हणजे काही अगदीच दुर्मीळ नाही. बरोबर! बारा सेकंदांना एक लाट धरली तर दहा तासांत तीन हजार लाटा होतात. पण पुढे हे सूत्र फार झपाट्याने खाली येतं. अडीचपट लाट तीन लाखांत एक होते, तिप्पट लाट साडेसहा कोटींत एक. शिवाय सगळं गणित 'लाटा एकमेकींना ओळखत नाहीत' या एका गृहीतकावर उभं आहे. हे गृहीतक लक्षात ठेवा, नंतर लागेल.

मधल्या काळात जहाजं बुडतच होती. १९७८ च्या डिसेंबरमध्ये 'म्युन्शेन' नावाचं जर्मन जहाज ब्रेमरहाफेनहून अमेरिकेकडे निघालं. २६१ मीटर लांब, नव्या पद्धतीचं, दणकट. अटलांटिकच्या वादळात एका रात्री त्याचे तुटक संदेश आले आणि मग काहीच आलं नाही. अठ्ठावीस माणसं होती. एकही सापडला नाही. नंतर सापडलेल्या वस्तूंत एक लाइफबोट होती. ही बोट जहाजावर पाण्यापासून वीस मीटर उंच टांगलेली असते. तिला धरून ठेवणाऱ्या लोखंडी पिना पुढून मागे वाकल्या होत्या. म्हणजे बोट कोणी सोडलेली नव्हती, वीस मीटर उंचीवर समोरून काहीतरी तिच्यावर आदळलं होतं. स्ट्रेंथ ऑफ मटेरियल्सच्या पेपरात "फोर्सची दिशा ओळखा" असा प्रश्न यावा, तसा तो पुरावा होता. चौकशीने लिहिलं, खराब हवामानामुळे काहीतरी असामान्य घडलं. बस्स.

मग आलं १९९५ चं नवीन वर्ष.

नॉर्वेच्या किनाऱ्यापासून शेदीडशे किलोमीटरवर, उत्तर समुद्रात 'ड्राउप्नर' नावाचा प्लॅटफॉर्म आहे. तिथे गॅसच्या पाइपलाइन एकत्र येतात. त्याचा एक भाग नुकताच बांधला होता आणि त्याचा पाया नव्या पद्धतीचा होता. समुद्रतळात लांब पाइल ठोकण्याऐवजी उलट्या बादल्यांसारखे पोलादी डबे तळात रुतवून त्यांवर सगळा डोलारा उभा केलेला. एवढ्या मोठ्या कामावर ही पद्धत पहिल्यांदाच वापरलेली, म्हणून हा पाया वादळात कसा वागतो हे बघायला अंगभर सेन्सर्स बसवले होते. त्यातच खाली पाण्याकडे तोंड करून एक लेझर होता, पाण्याची पातळी सतत मोजणारा. थोडक्यात काय, सिव्हिलवाल्यांनी स्वतःच्या काळजीपोटी लावलेल्या यंत्राने ओशनोग्राफीवाल्यांचं भांडण मिटवलं!

१ जानेवारीच्या दुपारी वादळ जोरात होतं. सिग्निफिकंट वेव्ह हाइट जवळपास बारा मीटर. हेच मुळात भयंकर आहे, म्हणून माणसं आतच होती. साडेतीनच्या आसपास लेझरच्या आलेखावर एक सुळका उमटला. खळग्यापासून माथ्यापर्यंत २५.६ मीटर. त्याच्या आधीच्या लाटा बघितल्या आणि नंतरच्या बघितल्या, तर हा सुळका मधे कसा आला ते कळत नाही, इतका एकटा.

आता इथे आपण सगळे थांबूया. प्रॅक्टिकलमध्ये दहा पॉइंट सरळ रेषेत आले आणि अकरावा भलतीकडे गेला, तर त्याचं काय होतं हे कुठल्याही ब्रँचच्या मुलाला सांगायला नको. खोडरबर नावाचं उपकरण प्रत्येक लॅबमध्ये असतं. लेझरवर पाण्याचा फवारा उडाला असेल, कनेक्शन सैल असेल, स्पाइक आहे, सोडा. ड्राउप्नरच्या आलेखाचं असंच झालं असतं. पण प्लॅटफॉर्मच्या खालच्या डेकवरच्या सामानाचंही थोडं नुकसान झालेलं सापडलं, जिथे पाणी पोचायचं काही कारण नव्हतं. दोन वेगळ्या साक्षी जुळल्या. यंत्र खरं बोलत होतं.

आता जरा कॅल्क्युलेटर घ्या. २५.६ भागिले ११.९, म्हणजे २.१५ पट. रॅलेच्या सूत्रात घातलं तर शक्यता येते साधारण दहा हजारांत एक. तेहेतीस-चौतीस तासांत एक लाट. यात एवढं डोकं फिरण्यासारखं काय आहे? मलाही हाच प्रश्न पडला होता. खरी गंमत उंचीत नाही, माथ्यात आहे. ती लाट सरासरी पातळीच्या वर १८.५ मीटर होती आणि खाली फक्त सात. साध्या सूत्राला वर आणि खाली सारखंच लागतं. माथ्याचं सूत्र वेगळं लिहून १८.५ घातलं, की उत्तर येतं साधारण पंचवीस कोटींत एक! बारा सेकंदांना एक लाट धरली, तर तसंच वादळ एका जागी न थांबता नव्वदहून जास्त वर्षं चालू ठेवावं लागेल, तेव्हा एक. आणि ती इथे पहिल्याच हिवाळ्यांत, बरोबर लेझरच्या खाली येऊन उभी राहिली. एक तर नशीब म्हणा, नाही तर सूत्रात काहीतरी कमी आहे म्हणा.

सूत्रात कमी होतं. काय कमी होतं यावर अजून भांडणं चालू आहेत, पण तीन गोष्टी बऱ्यापैकी स्पष्ट आहेत.

पहिली गोष्ट साधी आहे. खोल पाण्यात लांब लाट जोरात पळते आणि आखूड लाट हळू. लाटेची लांबी शंभर मीटर असेल तर वेग सेकंदाला साडेबारा मीटर, चारशे मीटर असेल तर पंचवीस. म्हणजे लांबीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात. आधी निघालेल्या हळू लाटांना मागून निघालेल्या जलद लाटांनी एकाच जागी गाठलं, आणि सगळ्यांचे माथे एकावर एक आले, की क्षणभर एक मनोरा उभा राहतो. पॅसेंजर, एक्स्प्रेस आणि राजधानी एकाच वेळी एकाच स्टेशनात! सुपरपोझिशन. हे जुन्या सूत्रातही बसतं. त्यात भर अशी घालावी लागते की खऱ्या लाटा साइन नसतातच. त्यांचे माथे टोकदार आणि खळगे पसरट असतात, म्हणून माथा अपेक्षेपेक्षा वर जातो. २०१६ मध्ये काही संशोधकांनी ड्राउप्नरसकट तीन लाटा तपासून म्हटलं, की एवढ्यानेच काम भागतं, दुसरं काही लागत नाही.

दुसरी गोष्ट जास्त भुताटकीची. लाटा एकमेकींना ओळखत नाहीत हे गृहीतक आठवतं? त्या ओळखतात. १९६७ मध्ये ब्रुक बेंजामिन आणि फेर या दोघांनी दाखवलं की लांबलचक टँकमध्ये एका टोकाला अगदी एकसारख्या लाटा सोडल्या, तरी दुसऱ्या टोकाला पोचेपर्यंत त्यांची शिस्त मोडते. काही लाटा शेजारणींची ऊर्जा ओढून घेतात आणि फुगतात. हे ज्या समीकरणात बसतं त्याचं नाव नॉनलिनिअर श्रॉडिंगर इक्वेशन. होय, फर्स्ट इयरला फिजिक्समध्ये ज्याने छळलं तोच श्रॉडिंगर, पाण्यातही हजर! १९८३ मध्ये पेरेग्रिन या गणितज्ञाने याच समीकरणाचं एक उत्तर काढलं : शांत एकसारख्या लाटांतून एक लाट अचानक तिप्पट होते आणि मागमूस न ठेवता जिरते. अठ्ठावीस वर्षं ते कागदावरच होतं. २०११ मध्ये हॅम्बुर्गला टँकमध्ये ते खरोखर करून दाखवलं. किती मोठी लाट केली असेल? एक सेंटिमीटरची तीन सेंटिमीटर. हसू नका. अकरा मजली लाटेचं रहस्य बोटभर पाण्यात सापडलं, यालाच लॅब म्हणतात. (इलेक्ट्रॉनिक्सवाल्यांसाठी : २००७ मध्ये असलाच चुकारपणा ऑप्टिकल फायबरमधल्या प्रकाशातही सापडला आहे. सेमिनारला विषय हवा असेल तर घ्या.)

समुद्रात मात्र लाटा एका दिशेने शिस्तीत जात नाहीत, चहूकडून येतात, त्यामुळे हा परिणाम तिथे कितपत चालतो यावर वाद आहे. इथेच एडिंबराचा प्रयोग मला फार महत्त्वाचा वाटतो. तिथे पंचवीस मीटर व्यासाचा एक गोल टँक आहे, कडेने सगळीकडून लाटा सोडता येतात. त्यात संशोधकांनी ड्राउप्नरची लाट छोट्या प्रमाणात पुन्हा घडवायचा प्रयत्न केला आणि २०१९ मध्ये तो छापला. सगळ्या लाटा एकाच दिशेने सोडल्या तर माथा तेवढा चढायच्या आतच फुटायचा. पण दोन लाटांचे ताफे एकमेकांशी १२० अंशांच्या आसपास कोन करून सोडले, तर पाणी पुढे कोसळण्याऐवजी सरळ वर उसळतं, आणि माथा ड्राउप्नरएवढा गाठतो. म्हणजे त्या दिवशी त्या जागी बहुधा दोन वादळी समुद्र एकमेकांना आडवे जात होते.

तिसरी गोष्ट आमच्या घरातली आहे, म्हणून जरा रेंगाळते. माझा मामा मर्चंट नेव्हीत चीफ इंजिनिअर आहे. आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला वळसा घालून तो कितीतरी वेळा गेलाय. त्या पूर्व किनाऱ्याने आगुल्हास नावाचा गरम प्रवाह नैर्ऋत्येकडे वाहतो, सेकंदाला दोन मीटरपर्यंत. त्याच्या बरोबर समोरून, दक्षिण महासागरातल्या वादळांच्या लाटा येतात. सरकत्या जिन्यावरून उलटं चढणाऱ्यासारखं होतं. लाटा दाबल्या जातात, आखूड होतात, आणि आखूड झाल्या की उंच आणि उभ्या होतात. शिवाय प्रवाह कडेपेक्षा मधे जोरात असल्यामुळे भिंगाने ऊन गोळा करावं तशा लाटा काही जागी गोळा होतात. केप टाउनच्या मॅलरी यांनी १९७४ मध्ये तिथल्या अपघातांवर लेख लिहिला. तिथल्या चार्टवर असामान्य लाटांचा इशारा छापलेला असतो. वारा नैर्ऋत्येचा झाला की प्रवाह सोडून किनाऱ्याच्या बाजूला, दोनशे मीटरपेक्षा उथळ पाण्यात सरकायचं, ही तिथली जुनी शहाणीव आहे.

"मामा, तू कधी पाहिलीस?" मी विचारलं.

"पाहिली असती तर सांगायला इथे असतो का गं?" तो म्हणाला, आणि आजी त्याच्यावर ओरडली. मग जेवणं झाल्यावर तो म्हणाला, "आम्ही खाली इंजिनरूममध्ये. आम्हाला लाट दिसत नाही, ऐकू येते. नाक खाली गेलं की मागे प्रोपेलर पाण्याबाहेर येतो. लोड गेलं की इंजिन सुटतं, आरपीएम एकदम चढतो, गव्हर्नर आवरतो, परत पाण्यात, परत लोड. रात्रभर ते चालतं. त्यात एखाद्या वेळी नाक खाली जातं आणि जातच राहतं. वर यायला हवं तेव्हा येत नाही. तेवढे तीन-चार सेकंद सगळे एकमेकांकडे बघतात, बोलत कोणी नाही."

चुकार लाटेच्या पुढे बऱ्याचदा खोल खळगा असतो. खलाशी त्याला समुद्रातला खड्डा म्हणतात. जहाज आधी त्या खड्ड्यात नाक खुपसतं आणि वर यायच्या आत भिंत अंगावर येते. १९६८ च्या जूनमध्ये 'वर्ल्ड ग्लोरी' हा भरलेला टँकर याच पट्ट्यात मधोमध मोडून दुभंगला. तो कुवेतहून स्पेनला चालला होता. १९६७ च्या युद्धानंतर सुएझ बंद होता, म्हणून एवढा वळसा. २०२३ च्या डिसेंबरपासून तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे जहाजांच्या रांगा पुन्हा तशाच केपकडे वळल्या, आणि त्यात मामाचंही जहाज होतं. त्या महिन्यांत आजी दक्षिण आफ्रिकेचं हवामान मला रोज मोबाइलवर बघायला लावायची.

आता किंमत कोणी मोजली ते. 'डर्बिशायर' हे ब्रिटिश जहाज १९७६ मध्ये बांधलेलं, जवळपास तीनशे मीटर लांब. १९८० च्या सप्टेंबरमध्ये कॅनडाहून लोहखनिज घेऊन जपानला जाताना ओकिनावाजवळ टायफूनमध्ये नाहीसं झालं. एसओएससुद्धा नाही. चव्वेचाळीस माणसं गेली, त्यांत दोघांच्या बायकाही होत्या. पहिल्या चौकशीने १९८९ मध्ये सांगितलं, निसर्गापुढे इलाज नाही. घरच्यांनी ते मान्य केलं नाही. त्यांनी आणि खलाशांच्या संघटनेने पाठपुरावा करून १९९४ मध्ये चार किलोमीटर खोल पाण्यात जहाजाचे अवशेष शोधून काढले. मग पाणबुडी कॅमेऱ्यांनी लाखाच्या वर फोटो काढले. १९९८ मध्ये तज्ज्ञांचा अहवाल आला, आणि त्यात दोष कोणाला? खलाशांना! पुढच्या स्टोअरचं झाकण त्यांनी नीट बंद केलं नव्हतं म्हणे.

२००० साली पुन्हा झालेल्या चौकशीत न्यायमूर्ती कोलमन यांनी ते फेटाळलं. नाकावरचे हवेचे पाइप लाटांनी मोडले, तिथून पाणी आत शिरून नाक जड झालं, खाली वाकलं, आणि मग लाटांचं वजन पहिल्या हॅचच्या झाकणावर येऊन ते आत कोसळलं, असा निष्कर्ष निघाला. ते झाकण किती भारासाठी होतं? १९६६ च्या आंतरराष्ट्रीय नियमाप्रमाणे चौरस मीटरला पावणेदोन टन. म्हणजे पावणेदोन मीटर पाण्याचा थर, उंच माणसाच्या डोक्याएवढा. टायफूनमध्ये! झाकण नियमात बसत होतं. ज्याने डिझाइन केलं त्याने बरोबर पुस्तकातला आकडा घेतला होता, आपणही तोच घेतला असता आणि व्हायव्हात पूर्ण मार्क मिळवले असते. त्यानंतर पुढच्या हॅचच्या मजबुतीचे नियम कडक झाले. डर्बिशायरवर नेमकी चुकार लाट आली की टायफूनच्या राक्षसी लाटा एकामागून एक आल्या, हे सांगायला कोणी उरलेलं नाही, आणि चौकशीने तसं म्हटलेलंही नाही. पण "समुद्र एवढा नसतोच" हे वाक्य डिझाइनच्या आकड्यात कसं लपून बसतं आणि वीस वर्षांनी मेलेल्या माणसांवर कसं ढकललं जातं, ते मला इथे जितकं स्पष्ट दिसलं तितकं कुठल्याही लेक्चरमध्ये दिसलं नव्हतं.

ड्राउप्नरनंतर मात्र चित्र भराभर बदललं. त्याच १९९५ च्या सप्टेंबरमध्ये 'क्वीन एलिझाबेथ टू' या प्रवासी जहाजाला अटलांटिकमध्ये २९ मीटरची लाट भेटली. ब्रिजवर उभे असलेले कॅप्टन बरोबर नजरेच्या रेषेत तिचा माथा पाहत होते. या वेळी कोणी हसलं नाही. २००४ मध्ये युरोपियन स्पेस एजन्सीने जाहीर केलं की उपग्रहांच्या रडारच्या फक्त तीन आठवड्यांच्या चित्रांत पंचवीस मीटरच्या वरच्या दहाहून जास्त लाटा सापडल्या. आणि २०२० च्या नोव्हेंबरमध्ये कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्याजवळ युक्लुलेट इथल्या एका तरंगत्या बोयाने नोंदवलेली लाट फक्त १७.६ मीटर होती, पण आजूबाजूचा समुद्र सहाच मीटरचा! जवळपास तिप्पट. असली लाट तेराशे वर्षांतून एकदा, असं संशोधकांचं गणित आहे. बोया फक्त काही मोजक्या जागी असतात हे लक्षात घेतलं, तर या तेराशे वर्षांकडे मी जरा संशयानेच बघते.

अंदाजाचं काय? अमुक ठिकाणी अमुक वाजता चुकार लाट येणार, असं आदल्या दिवशी सांगता येत नाही. कुठल्या भागात शक्यता वाढली आहे, एवढं सांगता येतं. पण २०२४ मध्ये मेरिलँड विद्यापीठातल्या दोघांनी बोयांच्या नोंदींवर एक न्यूरल नेटवर्क शिकवलं. त्या नेटवर्कने एक मिनिट आधी चारांपैकी तीन चुकार लाटा ओळखल्या, आणि पाच मिनिटं आधी जवळपास तितक्याच. जहाजावर बसवण्याइतकं ते अजून तयार नाही.

मामाला मी हे फोनवर सांगितलं. पाच मिनिटांत तीनशे मीटरचं जहाज थांबत नाही, वळतही नाही धड. पण तो लगेच यादी सांगू लागला : डेकवरचा माणूस आत येतो, पाणी अडवणारी दारं बंद होतात, इंजिन हळू करता येतं, नाक लाटेकडे ठेवता येतं. "आणि खाली आम्हाला एक फोन करता येतो," तो म्हणाला, "की धरून बसा."